चुलीमागं एक वाटा

दसऱ्याच्या आधीच्या आठवड्यात खडकवाडीत सासवासुनांची जी भांडणं लागली, ती घरातल्या तंट्यानं लागली नव्हती. ती लागली गवतानं.

वाडीमागचा डोंगर फॉरेस्टचा. त्याच्यावरचं गवत आजवर लिलावात जायचं. बाहेरचा ठेकेदार ट्रक लावायचा, गवत तबेल्यांना घालायचा, आणि वाडीची जनावरं खालून बघत बसायची. त्यामुळं डोंगराला वणवा लागला तरी वाडीत कुणी उठायचं नाही. जळतंय ते ठेकेदाराचं, म्हणून लोक कूस बदलायचे. मग सरकारला अक्कल सुचली. गावाची वन समिती केली. चराई बंद, कुऱ्हाड बंद, राखण गावानं करायची. आणि राखलं तर गवत गावाचं. लोकांनी शिव्या घालत राखलं. पण राखलं. यंदा डोंगरावर मारवेलाचं गवत छातीला लागत होतं, वारं आलं की अख्खी उतरण म्हशीच्या पाठीसारखी हलायची.

मारुतीच्या मंडपात बैठक बसली. फॉरेस्टच्या विजयश्री मॅडम स्कूटीवरून आल्या, हेल्मेट मांडीवर ठेवून म्हणाल्या, "वाटणी कशी करायची ते समितीनं ठरवायचं. आम्ही मध्ये पडणार नाही."

एवढं बोलून त्या पुढच्या गावाला गेल्या, आणि इथं सगळं बिघडलं.

कोंडाजी म्हणाला, "जनावरामागं वाटा धरा."

"धर की," समितीचे अध्यक्ष हिंदुराव म्हणाले. "उद्या तुझ्या मेव्हण्याच्या म्हशी तुझ्या गोठ्यात पाव्हण्या येत्याल."

"मंग रेशनकार्डामागं."

"कार्डावर मेलेली मानसं बी तांदूळ खात्यात, कोंडाजी. ती गवत बी खात्याल."

हिंदुराव म्हणजे कंपनीत युनियन चालवून रिटायर झालेला माणूस. दोन पैलवानांना एकमेकांविरुद्ध चिथवून द्यायचं आणि आपण नारळ फोडायला बसायचं, ही त्यांची हौस. त्यांनी मिशीवरून हात फिरवला.

"चुलीमागं एक वाटा. जेवढ्या चुली तेवढ्या पट्ट्या पाडू. जिची चूल पेटती तिला गवत. मी सोता घरोघर येऊन बघणार."

"गॅस धरायचा का?"

"गॅसला राख हुती का? राख दिसली पायजे."

मागं बायकांत बसलेल्या तानाबाईनं तेवढ्यातच शेजारी बसलेल्या आपल्या सुनेला कोपरानं ढोसलं.

तानाबाईचं घर म्हणजे नवरा गेनू, मुलगा गोरक्ष, सून स्वरूपा आणि नात आरोही. रान होतं ते गोडाऊनला भाड्यानं दिलेलं. जिथं ज्वारी उभी राहायची तिथं आता काँक्रीटवर कंटेनर उभे राहतात, आणि कंटेनरचा काही कडबा होत नाही. राहिली एक म्हैस आणि एक गाय. दूध कंपनीतल्या पोरांच्या खोल्यांवर जायचं. तानाबाईच्या हातात जे काही सोताचं होतं ते त्या म्हशीच्या सडात. एका वाट्याचं गवत शिमग्यापर्यंत पुरलं असतं. दोन वाटे मिळाले तर पाऊस पडेपर्यंत. नाहीतर म्हैस चाकणच्या बाजारात उभी करायची, हे गेनूनं सांगून ठेवलेलं.

"चूल वेगळी करायची," घरी येताच तानाबाई म्हणाली.

गेनूनं तंबाखू मळता मळता वर बघितलं. "कुणाची?"

"हिची. गवतापुरती. कापणी झाली की मोडून टाकू."

स्वरूपा लसूण सोलत होती. ती शहराला लागलेल्या दिघीची, आईबाप बीडकडून आलेले, मिलिटरीच्या भिंतीला लागून त्यांची खोली. गोरक्षशी लग्न होऊन इथं आली तेव्हापासून या घरात तिची अशी एक पेटीच होती. ती म्हणाली, "चालेल की."

तानाबाईला ते 'चालेल की' जरा लवकर आल्यासारखं वाटलं.

"पर भांडणाबिगर चूल वेगळी झाली तर कोण इश्वास ठेवील?" तानाबाई म्हणाली. "भांडाया लागंल. नळाला पाणी आल्यावर. सगळ्या बाया असत्यात."

ठरलं. सुरुवात आमटीतल्या मिठावरून करायची. गेनूनं ओट्यावर बसायचं आणि दोनदा 'गप बसा गं' म्हणायचं. गोरक्षनं मध्ये पडायचं. पण गोरक्ष थर्ड शिफ्ट करून आलेला, तो मध्ये न पडता गादीवर पडला, आणि सगळ्या भांडणात घोरत होता.

नळाला पाणी आलं. तानाबाईनं पातेलं अंगणात आपटलं.

"कालच्या आमटीत मीठ किती घातलं? समिंदर वतला का?"

स्वरूपानं पदर तोंडाला लावला. हसू आवरत नव्हतं. तानाबाईनं डोळे वटारले तेव्हा ती म्हणाली, "मग तुम्हीच करा. मला काय हौस नाही."

"हौस कुठनं आसंल? दिघीची पोरगी, गॅसवर वाढलेली. हिला शेणाचा वास येतो."

"येतो. तुमच्या पोराच्या शर्टाला ऑइलचा पण येतो. तो मीच धुते."

बायका हसल्या. शेजारच्या कोंडाजीची बायको विमलबाई, तिनं भरलेला हंडा परत खाली ठेवला. गेनू म्हणाला, "गप बसा गं."

"धुतीस तर उपकार करतीस का? मी जलमभर धुतले."

"तुमचे उपकार मला माहीत आहेत, आत्या. आरोही झाली तेव्हा दवाखान्यात तोंड फिरवून बसला होता. माझ्या आईनं उचलली तिला. तुम्ही बाहेर बाकड्यावर डबा खात होता."

हे ठरलेलं नव्हतं. नळ वाहत होता, कुणी हंडा सरकवला नाही.

"गप बसा गं," गेनू म्हणाला.

"आन् तू?" तानाबाईचा आवाज खाली आला, तो जास्त वाईट. "माज्या पोराच्या कानाशी लागतीस. दिघीत रूम बघू, दिघीत रूम बघू. मला ठाव न्हाई व्हय? पत्र्याच्या भिंतीतनं सगळं आईकू येतं."

हेही ठरलेलं नव्हतं.

गेनूनं तिसऱ्यांदा 'गप बसा गं' म्हटलं. त्याला दोनदाच सांगितलं होतं.

बायका पांगल्या. तानाबाई आत येऊन पाणी प्यायली आणि म्हणाली, "बेस झालं. साऱ्यांना खरं वाटलं."

"हो," स्वरूपा म्हणाली, आणि अंगणात आपटलेलं पातेलं उचलून त्याचा पोचा अंगठ्यानं दाबत बसली.

दुपारी तानाबाईनं सुनेसाठी चूल घातली. ओढ्याकडची लाल माती आणली, त्यात भुसा कालवला, आणि पडवीच्या टोकाला बसून थापायला लागली. तानाबाई डावरी. विळा डाव्या हातात, भाकरी डाव्या हातानं, पेंढीला पीळ घालायचा तोही डाव्या हाताचा. नवी नवरी होती तेव्हा या डाव्या हातापायी तिनं लई ऐकून घेतलं होतं. आता म्हातारपणी त्याच हातानं ती आपल्या घरात दुसरी चूल घालत होती. चूल जराशी लहानच ठेवली. गवतापुरती तर हाय.

सकाळी उठून बघते तर चूल दोन बोटं रुंद झालेली. कडेची माती अजून ओली.

"पातेलं बसत नव्हतं," स्वरूपा म्हणाली.

तानाबाईनं ओल्या मातीला बोट लावून बघितलं. पण तात्पुरत्या चुलीला कुणी माती वाढवतं का, हे दिवसभर तिच्या डोक्यात खडा पडल्यासारखं वाजत राहिलं.

पुढच्या चार-आठ दिवसांत वाडी धुरानं भरली. घरटी भांडणं, घरटी नव्या चुली. ज्यांनी कधी आवाज चढवला नव्हता ते भाऊ रस्त्यावर येऊन बोलले. विमलबाईनं सुनेशी भांडायचं म्हणून माळवदावर चढून गळा काढला. एकानं तर बायकोला वेगळं काढलं. आपण खोटं करतोय हे ज्याला त्याला माहीत होतं, म्हणून दुसराही खोटंच करतोय याची ज्याची त्याला खात्री होती. येता-जाता लोक एकमेकांच्या चुलीकडं मान लांब करून बघायचे. कुणाची राख गार आहे, कुणाच्या भांड्याला काळं धरलं नाही.

विजयश्री मॅडम आल्या त्या खोकतच. स्कूटी लावून त्यांनी सगळीकडं नजर फिरवली. सगळ्या कौलांतून धूर. कुडाला लागून बाभळीच्या फांद्यांचे ढीग.

"अहो, तुम्हाला जंगल वाचावं म्हणून गॅस दिला होता ना?"

"गॅस हाय की, मॅडम," कोंडाजी म्हणाला. "पर गॅसला गवत कुठं मिळतंय?"

मॅडमनी हिंदुरावांकडं बघितलं. हिंदुराव डोंगराकडं बघायला लागले.

मग तपासणी. हिंदुराव पुढं, मॅडम मागं, त्यांच्या मागं अर्धी वाडी. गेनूच्या घरात येऊन हिंदुरावांनी दोन्ही चुलींच्या राखेत बोट घातलं. झाकणं उचलली. मग ओट्यावर मांडी घालून बसले.

"दोन्ही चुलींवरची आमटी वाढा. चव एक निघाली तर चूल एक."

तानाबाईनं वाटी हातात घेतली. ही अक्कल त्यांना कुठनं सुचली कळेना. तिनं आपली काळ्या मसाल्याची वाढली. स्वरूपानं तिची वाढली: बीडकडची, येसराच्या भाजक्या पिठाची, घट्ट, वर लाल तर्री. हिंदुरावांनी पहिली वाटी चाखून खाली ठेवली. दुसरी तोंडाला लावली ती तळ दिसेपर्यंत खाली आली नाही.

"चुली दोन," ते म्हणाले. "काय वाद न्हाई. वैनी, ही हिची जरा आनखी वाढा."

मागून कुणीतरी हसलं. गेनूही हसला. म्हणजे दोन वाटे मिळाले, म्हैस वाचली, हसायलाच पाहिजे होतं. तानाबाईनं पहिली वाटी उचलली, तिच्यात आमटी तशीच होती. ती तिनं गाईच्या घमेल्यात ओतली.

त्या दिवसापासून तानाबाईचं नाक तीक्ष्ण झालं. गेनू तिच्या चुलीवर जेवायचा, पण हात धुऊन पडवीच्या टोकाला 'आरोहीला बघून येतो' म्हणून जायचा.

"मिशीला येसराचा वास हाय," ती एकदा म्हणाली.

"वाऱ्यानं येतो."

"वारं मिशीत बसतं व्हय?"

आरोही दोन्हीकडं जेवायची आणि दोन्हीकडच्या बातम्या दोन्हीकडं पोचवायची. आईनं अंडी आणली. आईनं भिंतीला खिळा ठोकला. आईनं नवीन डबे आणले, त्याच्यावर फुलं आहेत. तानाबाई एकेक बातमी ऐकायची आणि मनात रचत जायची. खिळा ठोकणारं माणूस महिन्यात चूल मोडत नाही.

दसरा झाला आणि हिंदुरावांनी परत बैठक बोलावली. या वेळी मंडपात चेहरे खुशीत होते.

"चुली तपासून झाल्या," हिंदुराव म्हणाले. "आता पुढचं. राखणीची पाळी चुलीमागं एक माणूस. जाळपट्टा काढायला चुलीमागं एक माणूस. मारुतीच्या रंगाची वर्गणी, ती बी चुलीमागं. आन् ज्याच्या पाळीत गवताला विळा लागंल, त्याच्या चुलीचा वाटा रद्द."

मंडपात जो तो बोटांवर घरातली माणसं मोजायला लागला.

"हे आदी सांगायचं व्हतंस, हिंदुराव," कोंडाजी म्हणाला.

"आदी सांगितलं आसतं तर चुली वाढल्या आसत्या का? मला राखणीला मानसं कमी पडत व्हती."

त्यानंतर वाडीत जेवढ्या वेगानं भांडणं झाली होती त्याच्या दुप्पट वेगानं समेट झाले. विमलबाईनं सुनेला भर रस्त्यात पोटाशी धरलं. बायकोला वेगळं काढलेला तिला परत आणायला बुंदी घेऊन गेला, आणि तिनं त्याला दोन दिवस उंबऱ्यात बसवला. नव्या चुली फावड्यानं उकरून उकिरड्यावर पडल्या.

तानाबाई त्या रात्री जेवताना म्हणाली, "आपण बी मोडून टाकू. गोरक्षला शिफ्ट हाय, तुमचं गुडघं गेलेलं. पाळीला जायचं कुणी?"

खरं तर ती आतून सुटल्यासारखी झाली होती.

"एका वाट्यात म्हैस जगत न्हाई," गेनू म्हणाला.

"माझ्या चुलीच्या पाळीला मी जाईन," पडवीतून स्वरूपाचा आवाज आला. "तुमच्या चुलीच्या तुम्ही जा, आत्या."

माझी चूल, तुमची चूल. तानाबाईनं घास तसाच खाली ठेवला.

जाळपट्टा काढणं म्हणजे डोंगराच्या कमरेभोवती गवत खरवडून मातीचा उघडा पट्टा करायचा, म्हणजे खालून वणवा आला तरी वर चढत नाही. ऑक्टोबरचं ऊन. कुसळं साडीतून मांड्यांना टोचायची. स्वरूपाच्या हातात पहिल्यांदाच कुदळ. दुपारपर्यंत तळहाताला फोड आले, संध्याकाळी फुटले. बाकीच्या चुलींचे बाप्ये होते, ते बसून तंबाखू खाताना म्हणायचे, "गेनूची सून खड्डा खणती का रांगोळी काढती?" ती खाली मान घालून खरवडत राहिली. दुसऱ्या दिवशी हाताला फडकं बांधून आली. तिसऱ्या दिवशी कुणी रांगोळी म्हटलं नाही. तानाबाई आपल्या पट्ट्यावर होती, थोडं वर. डाव्या हाताची कुदळ, दमदार, पण कंबर धरलेली. स्वरूपानं पाण्याची बाटली वर पाठवली. तानाबाईनं ती न उघडता खाली परत पाठवली.

मग राखणीची पाळी सुरू झाली. पाळीची एक काठी होती, तेल पाजलेली. ज्या चुलीच्या दारात संध्याकाळी काठी उभी राहील, तिनं उद्या डोंगर राखायचा. काठी आधी तानाबाईच्या दारात आली, मग चार हात सरकून पडवीच्या टोकाला उभी राहिली.

स्वरूपा भाकरी बांधून वर गेली. वरून खालचा सगळा मुलूख दिसायचा: निळ्या पत्र्यांच्या कंपन्या, हायवेवर अडकलेले ट्रक, त्यांचा हॉर्न इथपर्यंत यायचा. तिनं दोनदा कुणाच्या तरी शेळ्या हाकलल्या. दुपारी आरोही अंगणवाडीतून सुटायची, तेवढ्यापुरती ती खाली उतरली, पोरीला विमलबाईकडं सोपवली आणि धापा टाकत परत वर आली. ती अशी खाली उतरणार हे घरच्यांनाच माहीत होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ज्याच्या दारात काठी गेली तो कोंडाजी. तो वर गेला आणि लगेच ओरडत खाली आला.

धावड्याच्या झाडाखाली गवत कापलेलं होतं. एक खाटभर जागा, अगदी बुडातून. दोन पेंढ्या घाणेरीच्या झुडपात कोंबलेल्या.

मंडप भरला. बातमी मंडपाच्या आधीच निकाल लावून मोकळी झाली होती.

"रान गोडाऊनला दिलं, म्हशीला घालणार काय?"

"मला आदीच वाटलं व्हतं. दोन चुली कशापायी ठेवल्या मंग?"

"सासूसुना मिळून आसत्यात. भांडण बी नाटकच व्हतं."

"न्हाई, भांडण खरं व्हतं," विमलबाई म्हणाली. "मी तितंच हुते."

गेनू खांबाला टेकून जमिनीकडं बघत होता. गोरक्ष कंपनीच्या शर्टावरच आलेला. तानाबाई बायकांच्या मागच्या ओळीत बसली होती, गुडघ्याला मिठी मारून. ती रात्रभर झोपली नव्हती हे तिच्या डोळ्यांवर दिसत होतं.

हिंदुरावांनी एक पेंढी वर धरली. "कापल्यालं गवत आत्ता कुटं सुकाया लागलंय. म्हंजी कालच्याच पाळीतलं. काल काठी कुनाकडं व्हती?"

"माझ्याकडं," स्वरूपा म्हणाली.

"वरनं कुटं हलली व्हतीस का?"

"पोरीला घ्यायला खाली आले होते. अर्धा तास."

"मंग त्या येळात कुनी तरी डाव साधला. कुनावर संशय हाय तुजा? बोल. नाव घे." हिंदुरावांच्या डोळ्यांत जत्रेतली चमक आली. मंडपातला एकेक माणूस नकळत मागं सरकला. कोंडाजी म्हणाला, "माझ्याकडं कशापायी बघताय सगळी? मीच तर सांगत आलो."

स्वरूपा उठून पुढं गेली. "दाखवा जरा."

तिनं पेंढी हातात घेतली. गवत गवतासारखंच होतं. पण पेंढीला बांधलेला आळा, गवताच्याच काड्यांना पीळ देऊन केलेला, तो उलटा पिळलेला होता. घरच्या गोठ्यात अशाच पिळाचे बंद रोज तिच्या बोटांनी सोडलेले. उजव्या हातानं ओढलं की ते सुटायचे नाहीत, उलट फिरवायला लागायचे. पहिल्या वर्षी तिची त्यात नखं गेली होती.

तिनं मागच्या ओळीकडं बघितलं नाही. बघायची गरज नव्हती. सुनेचा वाटा जावा, तिची चूल मोडावी, आणि सगळं परत एका पातेल्यात यावं, म्हणून दुपारच्या उन्हात कंबर धरलेली एक म्हातारी तो डोंगर चढली होती.

स्वरूपानं आळा सोडला, मुठीत घेतला, आणि मोकळं गवत हिंदुरावांच्या पुढ्यात ठेवलं.

"मीच कापलं," ती म्हणाली. "म्हशीला रात्रीचं काही नव्हतं. माझ्या चुलीचा वाटा गेला ना? जाऊ द्या. त्यांच्या चुलीचा राहील."

"राहील," हिंदुराव म्हणाले. त्यांचा चेहरा पडला होता. कुस्ती लागायच्या आधीच एक पैलवान चीत होऊन घरी निघाला होता. "पर... कबूल केलंस म्हंजी काय बोलताच येत न्हाई."

"बोलू नका मग," ती म्हणाली, आणि बायकांच्या मधून वाट काढत गेली. तिनं वाट काढली तशा बायकांनी साड्यांचे पदर आवरून घेतले. चोरटीचा धक्का लागू नये म्हणून.

तानाबाईनं ते बघितलं.

घरी आल्यावर तिनं वाट बघितली. आता वाटा नाही, म्हणजे चूल नाही. सून पातेलं घेऊन आत येईल, चुलीपुढं बसेल, आपण सरकून जागा देऊ. हवं तर आजची आमटी तिच्या हाताची होऊ दे. दिवस कलला. पडवीच्या टोकाला लाकूड फोडल्याचा आवाज आला, आणि मग धूर.

तानाबाई दारात जाऊन उभी राहिली. "आता कशापायी? गवत तर गेलं."

"गवत गेलं, आत्या," स्वरूपा फुंकणी बाजूला ठेवून म्हणाली. "चूल आहे अजून."

गोरक्ष शर्ट बदलत होता. आईमागं घरात येऊन तो हळूच म्हणाला, "तू तिला दिघीच्या रूमवरून बोलली ना भांडणात? अगं, मी बघून ठेवली होती रूम. ॲडव्हान्स द्यायचा होता. दसऱ्याला तिनंच नको म्हणून सांगितलं. म्हणाली, आता माझी चूल झालीय इथं. चूल हाय तर इथंच राहू. मला येडीच वाटली. एका चुलीपायी कोणी रूम सोडतं का?"

तानाबाईनं म्हशीला पाणी दाखवलं. गाईच्या कासेखाली बसली आणि धार काढायचं विसरून नुसतीच बसून राहिली. मग उठली. आपल्या चुलीतली राख उकरली, निखारे होते. त्याच्यावर तिनं तांब्याभर पाणी ओतलं. फस्स झालं. कमरेला काडेपेटी होती, ती आत खोचून घेतली, एक गोवरी उचलली आणि पडवीच्या टोकापर्यंत चालत गेली. शेजारणीकडं जातात तशी, पायरीखाली थांबली.

"इस्तू दे गं जरा," ती म्हणाली. "माजी चूल इजली."

स्वरूपानं वर बघितलं. सासूच्या कमरेला काडेपेटीचा चौकोन लुगड्यातून दिसत होता. आतल्या चुलीतून ओल्या राखेचा वास इथपर्यंत येत होता.

तिनं चिमट्यानं एक धगधगीत निखारा निवडला आणि गोवरीवर ठेवला. मग डब्यामागं हात घालून गवताचा तो आळा काढला. तो अजून तसाच होता, उलट्या पिळाचा. निखाऱ्याच्या शेजारी ठेवला.

"हे पण घ्या," ती म्हणाली. "लवकर पेटेल."

तानाबाई आळ्याकडं बघत राहिली. निखाऱ्याची धग लागून त्याचं एक टोक तांबडं झालं, मग काळं. डाव्या हातात गोवरी होती, उजव्या हातानं तिनं वारं अडवलं आणि घराकडं वळली.

"आत्या," मागून आवाज आला. "आमटी टाकलीय जास्तीची. मामांना सांगा, चोरून येऊ नका. ताट घेऊन या."